त्राटिका मागं सरत न्हाई

परवा माझ्या भाचीनं मोबाईलवर एक व्हिडिओ पाठवला. भंडारदऱ्याकडच्या कुठल्याशा रिसॉर्टची जाहिरात होती. शेकोटी पेटलेली, खुर्च्यांवर पाहुणे बसलेले आणि मध्ये दहा-बारा पोरं. कमरेला पाला, डोक्याला पिसं, तोंडाला काळा रंग, हातात पुठ्ठ्याचे भाले. ती पोरं ‘हुर्र हुर्र’ करत गोल फिरत होती. खाली लिहिलं होतं, ‘अस्सल आदिवासी नृत्य’. भाचीनं विचारलं होतं, “मावशी, तू तिकडं बारा-तेरा वर्षं होतीस ना? असंच असतं का गं?”

मी आधी नुसतं ‘नाही’ असं लिहिलं. मग ते खोडलं आणि तिला फोनच लावला. अर्धा तास तिला फैलावर घेतलं. बिचारीचा काहीच गुन्हा नव्हता. फोन ठेवल्यावर लक्षात आलं की मी बोलले त्यातलं निम्मं माझं नव्हतंच, ते धावजीबाबांचं होतं. त्यांनी मला झापलं होतं ते मी जसंच्या तसं पुढं पोचवलं होतं.

धावजीबाबा आमच्या आश्रमशाळेत कामाठी होते. कामाठी म्हणजे स्वयंपाकघरातला हरकाम्या. लाकडं फोडायची, पाणी भरायचं, तीनशे पोरांची आमटी ढवळायची. शाळा अकोले तालुक्यात, राजूरच्याही वर, डोंगराच्या कुशीत. मी मूळची मिरजगावची, सपाटीवर वाढलेली. बदलीचा हुकूम हातात पडला तेव्हा रडले होते. तिकडं पाऊस फार, डोंगर फार आणि ओळखीचं कुणी नाही, एवढंच मला ठाऊक होतं. मराठी शिकवायचं आणि सांस्कृतिक कार्यक्रम बसवायचे, ही कामं माझ्याकडं आली.

बाबांचं पहिलं दर्शन मला स्वयंपाकघराच्या खिडकीतून झालं. सकाळची वेळ होती. चुलीवर भलं मोठं पातेलं चढवलेलं, हातात वल्ह्याएवढा पळा, आणि हा सडपातळ, पांढऱ्या टोपीतला माणूस आमटी ढवळता ढवळता पाय टाकत होता. दोन पावलं पुढं, एक जागेवर, मग खांद्याला झटका. तोंडानं संबळाचा ठेका चालू. मी बघतेय हे कळल्यावरही थांबला नाही. ठेका पुरा केला, आमटीची चव घेतली आणि म्हणाला, “मीठ कमी हाय.”

मला वाटलं, म्हातारा जरा सैलच आहे. पुढं कळलं की त्यांच्या वाडीतल्या बोहाड्याची तालीम अशी बारा महिने चुलीपाशी चालायची.

ज्यांनी बोहाडा पाहिला नाही त्यांच्यासाठी सांगते. होळी उलटली की या डोंगरातल्या गावांत देवादिकांची आणि राक्षसांची सोंगं निघतात. सोंग म्हणजे लाकडाचा नाहीतर कागदाच्या लगद्याचा मोठा मुखवटा आणि त्याच्या आत नाचणारा माणूस. गणपती येतो, मोरावर बसलेली सरस्वती येते, नरसिंह येतो, रावण येतो. प्रत्येक सोंग एकेका घराकडं पिढ्यान् पिढ्या चालत आलेलं. धावजीबाबांच्या घराकडं त्राटिका होती. उंबराच्या लाकडाचा तो मुखवटा एवढा जड की मला दोन्ही हातांनी उचलेना. वटारलेले डोळे, पुढं आलेले दात. बाबा पस्तीस-चाळीस वर्षं तिच्या आत नाचत होते, आणि त्यांच्या आधी त्यांचा बाप.

वाडीत तिचा एक नियम आहे. त्राटिका निघाली की ती मागं सरत नाही. वाट चुकली, पुढं दगड आला, माणूस आला, तरी पाऊल मागं घ्यायचं नाही. आणि तिच्यासमोर जो असेल त्यानं तिच्याकडं पाठ करायची नाही. संबळवाले, टेंभेवाले, बघे, सगळे तिच्या तोंडाकडं बघत उलट्या पावलांनी चालतात. यात भक्तीही आहे आणि सोयही. मुखवट्याच्या डोळ्यांतून आतल्या माणसाला हातभरच दिसतं. समोरच्यांच्या पावलांवर त्याला वाट कळते.

“रामानं मारली ना हो तिला?” मी एकदा विचारलं होतं.

“मारली की. पर दर साली येती ती. तिचं रान हुतं बाय, न इचारता लोक शिरलं. मंग ती काय हसंल व्हय?”

ते मला ‘बाय’ म्हणायचे. सगळ्याच बायांना म्हणायचे. पण माझ्या वाट्याला आलेल्या ‘बाय’मध्ये बहुतेक वेळा पुढं काहीतरी ठपका असायचा.

नकला तर ते अशा करायचे की ज्याची नक्कल त्यालाही राग येऊ नये. आमच्या मुख्याध्यापकांचं चष्मा शोधणं, तपासणीला आलेल्या साहेबांचं नाक मुरडून भाकरी चाखणं, डॉक्टरचं न बघताच गोळ्या देणं. सगळी शाळा लोटपोट व्हायची. मी एकदा फर्माईश केली की शाळेच्या दारात बसणाऱ्या लंगड्या बोरवालीची करून दाखवा. बाबांनी पळा खाली ठेवला.

“आपल्या खालच्याचं सोंग करायचं न्हाई. त्येच्या डोईवर आदीच वज्जं हाय.”

मी नाटकं केलेली, बक्षिसं मिळवलेली बाई. हे मला कुठल्याच शिबिरात कुणी सांगितलं नव्हतं.

आता माझ्या गुन्ह्याकडं येते. पहिल्याच वर्षी आंतरशालेय स्पर्धेसाठी मी समूहनृत्य बसवलं. आधीच्या शाळेत त्याच नृत्याला पहिला नंबर आला होता, त्यामुळं मी भलतीच फुशारले होते. गाणं माझंच होतं आणि त्याच्या निम्म्या ओळींना काही अर्थ नव्हता, नुसतेच रानटी आवाज. सागाच्या पानांचे घागरे, कोंबडीची पिसं, आणि रंगीत तालमीच्या दिवशी खोबरेल तेलात काजळ कालवून मी स्वतः सोळा पोरींची तोंडं रंगवली. ठाकर या आदिवासी जमातीच्याच पोरी त्या. त्यांना मी ‘आदिवासी’ बनवत होते. आजही हे लिहिताना कान तापतात.

तालीम आटपून पोरी जेवायला गेल्या आणि थोड्या वेळानं मला स्वयंपाकघरातून बोलावणं आलं. बाबांनी चुलीवर पाणी कोमट केलं होतं, परातीत बेसन होतं, आणि ते एकेकीचं तोंड धूत होते. एक धुतलेली पोरगी त्यांनी माझ्यासमोर उभी केली.

“ही कोन हाय, बाय?”

“सकू. चौथीतली.” ती त्यांची नातच होती.

“आन ही?” शेजारी काजळ फासलेली दुसरी.

मला पटकन ओळखू येईना.

“बगा. हिला तुमी रोज शिकविता. देवानं दिल्याला रंग कमी पडला का, म्हून वरून काजाळ?”

आवाज चढवला नव्हता. पोरींच्या देखत मला जमिनीनं पोटात घ्यावं असं झालं. पण मी पण काही कमी नव्हते. म्हटलं, “बाबा, स्पर्धेला असंच लागतं. परीक्षकांना असंच आवडतं.”

“मंग परीक्षकाचं त्वांड रंगवा की.”

चार दिवस मी त्यांच्याशी बोलले नाही. पाचव्या दिवशी मला माझाच इतका राग आला की घागरे चुलीत घातले. उरलेल्या आठवड्यात बाबांनी आणि वाडीतल्या दोन बायांनी पोरींना कांबड नाच शिकवला. त्यांच्या आज्या नाचायच्या तोच, साध्या लुगड्यांत, त्यांच्याच बोलीतल्या गाण्यावर. पोरी अशा नाचल्या की मी विंगेत उभी राहून रडले. नंबर आला नाही. परीक्षकांच्या कागदावर शेरा होता, ‘वेशभूषा अपुरी’.

बाबांना थोडंफार वाचता यायचं. त्यांनी तो कागद माझ्याकडून मागून घेतला आणि स्वयंपाकघराच्या भिंतीला भाताच्या शितांनी चिकटवला. पुढं कितीतरी वर्षं कुणी तक्रार केली, की आमटी पातळ आहे, भाकरी कच्ची आहे, की ते त्या कागदाकडं पळा रोखून म्हणायचे, “अपुरी हाय. लिवा.”

पुढच्या दोनेक वर्षांत सिनेमावाले आले. धरणाच्या पाण्याकाठी शूटिंग होतं आणि त्यांना एक आदिवासी मुखिया हवा होता. कुणीतरी धावजीबाबांचं नाव सांगितलं. मुख्याध्यापकांनी मला सोबत धाडलं, म्हातारा काही बोलून बसला तर सावरायला. मी सावरणार म्हणे.

कपडेवाल्या पोरानं पिसांचा टोप पुढं केला. बाबांनी एक पीस काढून उन्हात फिरवून बघितलं.

“ह्ये मोराचं. आमच्यात मोर सरस्वतीच्या सोंगाला असतो. मानसाच्या डोसक्यावं न्हाई.”

दिग्दर्शक चांगला मुलगा होता, तिशीतला. त्यानं समजावलं की टोप राहू दे, पण डायलॉग म्हणा. डायलॉग काय, तर धरणाचा इंजिनिअर समोर आला की मुखियानं भाला आपटून ओरडायचं. काय ओरडायचं त्यालाही काही अर्थ नव्हता. माझ्या गाण्यासारखंच.

“ही कुनाची बोली?” बाबांनी विचारलं.

“आदिवासी बोली, बाबा.”

“मी आदिवासी हाय. मला तर येत न्हाई.”

सगळं युनिट हसलं. बाबा हसले नाहीत. ते दगडावर बसले, पाय दुमडले आणि म्हणाले, “माज्या बाच्या म्होरं सायेब आल्ता. खरंच आल्ता, मोजनीला. बा काय म्हनला त्ये करून दावतो, बगा.” मग त्यांनी समोर कुणी उभं असल्यासारखी नजर वर केली. बराच वेळ नुसतं बघितलं. बाजूला पडलेला पेला उचलून पुढं केला. “पानी घ्या. लांबून आलासा.” मग थांबले. मग अगदी हळू, “आमचं घर कुटपतूर मोजनार, तेवडं सांगा.”

दिग्दर्शकानं तसंच्या तसं शूट केलं. आम्ही निघताना त्यानं बाबांचे पाय धरले. परतीच्या जीपमध्ये मी मनातल्या मनात पेपरातल्या बातमीचा मथळासुद्धा ठरवून टाकला होता.

सिनेमा वर्षानं आला. मीच मोबाईलवर बाबांना दाखवला. स्वयंपाकघरात आम्ही दोघं आणि मागं सकू. तो प्रसंग आला. पडद्यावर इंजिनिअरचा गोरा, हळवा चेहरा. म्हाताऱ्याची नुसती पाठ आणि पुढं केलेला पेला. आणि आवाज दुसऱ्याच कुणाचा तरी, घोगरा, ‘हम तुम को जाने नहीं देगा’ छापाचं मराठी बोलणारा. दिग्दर्शकाचं वरच्यांपुढं काही चाललं नसावं, असं मी बाबांना म्हणाले.

त्यांनी मला ते पुन्हा लावायला सांगितलं. पुन्हा बघितलं.

“पाठ माजी हाय,” ते म्हणाले. “आवाज कुनाचा हाय?”

सकूनं मोबाईल बंद केला. बाबा उठले, टोपी नीट केली आणि पिठाच्या पोत्याकडं गेले. जाता जाता म्हणाले, “बास. आता पाठ दावायची न्हाई.” मला वाटलं, रागात बोलले.

ते रागात बोलले नव्हते, हे नगरला कळलं. जिल्ह्याच्या ठिकाणी आदिवासी संस्कृतीचा महोत्सव भरला होता. मोठा मांडव, स्टॉल, स्टेज. आमच्या वाडीच्या बोहाडा पथकाला बोलावणं होतं आणि शाळेतर्फे मी बरोबर होते. टेम्पोतून पाच तास हादरत आम्ही पोचलो. मुखवटा बाबांनी सबंध रस्ता मांडीवर घेतला होता, लहान पोर घ्यावं तसा.

उतरल्यावर आयोजकांपैकी एक तरुण साहेब कागद घेऊन आले. “तुमचं पथक गेटवर. दोन्ही बाजूंनी रांगा करा. पाहुणे आले की वाजवा, पाहुणे आत गेले की जेवून घ्या.”

“आन श्टेजावं?” बाबांनी विचारलं.

“स्टेजवर पुण्याचा ग्रुप आहे. आदिवासी नृत्य.”

त्या ग्रुपची मुलं पलीकडं मेकअप करत होती. पाल्याचे घागरे. मी ते बघितलं आणि तोंड फिरवलं, कारण ते घागरे माझ्याकडूनच तिथं गेले असावेत असं मला उगाचच वाटलं.

बाबा साहेबांना म्हणाले, “आमी दारावरचं तोरन न्हाई, सायेब. सोंग बगाया लोक येत्यात.”

“बाबा, वेळ नाहीये. प्लीज.”

“बरं,” बाबा म्हणाले.

त्यांचं ‘बरं’ मी ओळखून होते.

वाडीची माणसं सांगितल्याप्रमाणं गेटवर दोन रांगांत उभी राहिली. बाबा मात्र रांगेत नव्हते. ते रस्त्याच्या बाजूला, जिथं गाड्या थांबायच्या, तिथल्या लिंबाखाली जाऊन बसले होते. टोपी काढून त्यांनी माझ्या हातात दिली. टोपी ते फक्त मुखवटा चढवतानाच काढत. डोक्याला फडकं गुंडाळलं, मुखवट्याला हात जोडले, आणि दोघांनी तो त्यांच्यावर चढवून बांधला. मी म्हटलं, “बाबा, काय करताय?” मुखवटा चढल्यावर बोलायचं नसतं.

गाड्या आल्या. मोठे पाहुणे उतरले, हारतुरे झाले, मंडळी गेटमधून आत शिरली आणि त्यांच्या पाठीमागं एकदम संबळ कडाडला. सगळे साहजिकच मागं वळले. बघतात तर लिंबाखालून त्राटिका उठलेली. दोन्ही हातांत लिंबाचे डहाळे, खांद्याला झटका, दोन पावलं पुढं. पाहुण्यांनी कौतुकानं मोबाईल काढले. दोन पावलं आणखी पुढं. पाहुण्यांना वाटलं, आता थांबेल. ती कशाला थांबते?

तोवर रांगांतली आमची माणसं पाहुण्यांच्या दोन्ही अंगांना येऊन त्राटिकेकडं तोंड करून उलटी चालायला लागली होती. आमच्यातला एक म्हातारा हात जोडून सगळ्यांना सांगत होता, “पाव्हनं, पाठ करू नगा. आसं, मागं मागं चला. लागत न्हाई काय.” मोठ्या पाहुण्यांनी एकदा मागं बघितलं, एकदा त्या वटारलेल्या डोळ्यांकडं बघितलं आणि मुकाट्यानं हात जोडून मागं पाऊल टाकलं. ते चालले म्हणून त्यांचे सहायक चालले, सहायक चालले म्हणून पोलीस चालले. गळ्यात हार घातलेली ती सगळी प्रतिष्ठित मंडळी उलट्या पावलांनी, एकमेकांच्या पायांवर पाय देत, सबंध मांडवातून स्टेजपर्यंत गेली. खुर्च्यांवरचे लोक उठून उभे राहिले. पायऱ्या आल्या तेव्हा पाहुणे बाजूला झाले आणि त्राटिका वर चढली.

वीस मिनिटं ती नाचली. पुण्याची मुलं पाल्याच्या घागऱ्यांत विंगेमध्ये उभी राहून तोंडात बोट घालून बघत होती. मी हातात टोपी धरून खाली उभी होते आणि मला आनंद आवरत नव्हता. सरकारी नोकरीतल्या बाईला शोभणार नाही इतका आनंद.

मुखवटा उतरवल्यावर बाबांनी माईक मागितला. घामानं निथळत होते. त्यांनी वाडीचं नाव सांगितलं, सोंगाचं नाव सांगितलं, संबळ वाजवणाऱ्याचं आणि पिपाणी फुंकणाऱ्याचं सांगितलं, आणि शेवटी स्वतःचं. “एवडंच,” म्हणाले आणि खाली उतरले.

आठवड्यानं शाळेत पत्र आलं. पाहुण्यांची गैरसोय केल्याबद्दल आम्हा दोघांना लेखी खुलासा मागितला होता. मी बाबांच्या खुलाशाचा मसुदा केला, की मुखवट्यातून हातभरच दिसत असल्यानं समोर मान्यवर आहेत हे लक्षात आले नाही, क्षमस्व. वाचून दाखवला.

“खोडा त्ये.”

“अहो बाबा, नोकरीचा प्रश्न आहे. दोन वर्षं राहिलीत तुमची.”

“मला दिसत हुतं. चांगलं दिसत हुतं. पाव्हन्यांची चप्पल बी दिसत हुती. तसंच लिवा. आन म्हनावं, त्राटिका मागं सरत न्हाई.”

मी तसंच लिहिलं आणि माझ्या खुलाशातही तेच लिहिलं. त्याचं पुढं काय झालं ते आम्हाला कधीच कळलं नाही. पुढच्या वर्षी महोत्सवाचं बोलावणं आलं नाही. त्याच्या पुढच्या वर्षी आलं, तेव्हा पत्रात ‘रंगमंचावर, वीस मिनिटे’ असं टाईप केलेलं होतं. बाबांनी ते ‘वेशभूषा अपुरी’च्या शेजारी चिकटवलं.

ते निवृत्त झाले आणि त्याच सुमाराला त्यांचे गुडघे गेले. उभं राहताना भिंत धरावी लागायची. मुलगा नारायणगावच्या बाजारात मजुरीला होता, त्यानं सांगून टाकलं की माझ्याच्यानं हे व्हायचं नाही. दोन वर्षं बोहाडा त्राटिकेविना निघाला. त्या दोन वर्षांत मी बाबांना जितकं खचलेलं पाहिलं तितकं कधी पाहिलं नव्हतं. शहरातून एकजण येऊन गेले, त्यांना मुखवटा संग्रहालयासाठी हवा होता. सज्जन माणूस, मुखवट्याची कदर असलेला. काचेच्या कपाटात राहील, खाली तुमचं नाव राहील, म्हणाले. बाबांनी त्यांना चहा पाजला आणि विचारलं, “काचंत ऱ्हाऊन ती कुनाच्या म्होरं चालंल?” ते गृहस्थ रिकाम्या हातांनी गेले. पण ते गेल्यावर बाबा मला म्हणाले, “खरं सांगू बाय? हितं तरी कुनाच्या म्होरं चालती ती आता?”

याचं उत्तर सकूनं दिलं. ती तेव्हा संगमनेरला कॉलेजात होती, तिथल्या नाटकांत कामं करायची. मोलकरणीची द्यायचे, मुकादमाच्या मार खाणाऱ्या बायकोची द्यायचे. ती सुट्टीला घरी आली आणि म्हणाली, “आजा, त्राटिका मी घेते.”

वाडीत गदारोळ झाला. बाईनं सोंग घ्यायचं नाही, कधी कुणी घेतलं नाही. मारुतीच्या पारावर बैठक बसली. बाबांना दोघांनी धरून आणलं. मीही कडेला जाऊन बसले. एकेक म्हातारा बोलला, विटाळाचं बोलला, कोपाचं बोलला. बाबांनी सगळ्यांचं ऐकून घेतलं.

“त्राटिका बाई हाय का बाप्या?” त्यांनी विचारलं.

मग स्वतःच सांगितलं.

“बाई हाय. इतकी वरसं तिच्यात बाप्ये नाचले. माजा बा नाचला, मी नाचलो. ती कवा काय बोलली? आता बाई नाचंल तर ती रागवंल व्हय?”

एक म्हातारा म्हणाला, “धावजी, रीत मोडती.”

“रीत येकच हाय,” बाबा म्हणाले. “ती मागं सरत न्हाई. दोन साल झालं, ती पेटीत हाय. ह्ये मागं सरलं न्हाई तर काय?”

बैठक उठली तेव्हा होकार कुणी दिला नव्हता, पण नकारही कुणी दिला नव्हता. बाबांनी तेवढ्यावर तालीम सुरू केली. जुन्या लोखंडी घमेल्याला दोन भोकं पाडून ते सकूच्या तोंडावर बांधायचे आणि अंगणात चालायला लावायचे. स्वतः बाजेवर बसून हातानं ठेका धरायचे. ती अडखळली की ओरडायचे, “पाय मागं न्हाई! पड, पर मागं न्हाई!” ती पडायची, उठायची, पुढं जायची. दोन गुडघे फुटले तिचे. मी हळद घेऊन गेले तर बाबा म्हणाले, “ऱ्हाऊ द्या बाय, माजे बी फुटल्याले.”

त्या चैत्रात मी बोहाड्याला वर गेले. तोवर माझी तिथून बदली झाली होती, पण मुद्दाम गेले. पुढं श्रावणात बाबा गेले, तेव्हा पावसात वाट बंद होती आणि मला पोचता आलं नाही. त्यामुळं माझ्यापुरते बाबा तिथंच संपतात, त्या सकाळी.

त्राटिकेचा मान आमच्या वाडीत उजाडता उजाडता असतो. डोंगरामागून फटफटायला लागलं होतं, टेंभे विझवले होते. वाडीतले निम्मे लोक आले होते, निम्मे दारातच उभे होते, फुगून. घराच्या पडवीत बाबांनी स्वतःच्या हातांनी सकूच्या डोक्याला फडकं गुंडाळलं, मुखवट्याला हात जोडले आणि बांधला. संबळ सुरू झाला. आणि ती उठली. दोन पावलं पुढं, एक जागेवर, खांद्याला झटका. तोच चुलीपाशी पाहिलेला ठेका. दारात उभी असलेली म्हातारी माणसं एकेक करून खाली उतरली आणि तिच्याकडं तोंड करून उभी राहिली.

सगळ्यात पुढं बाबा होते. चाळीस-पंचेचाळीस वर्षं ते मुखवट्याच्या आत होते. तिच्यासमोर चालण्याची त्यांची ही पहिलीच खेप. एका हातात काठी, डोक्यावर पांढरी टोपी, आणि ते त्या मोडलेल्या गुडघ्यांनी, दगडधोंड्यांच्या वाटेवरून एकेक पाऊल मागं टाकत होते. पाऊल मागं पडलं की काठी मागं. कुणी धरायला गेलं की झिडकारत होते. उतार आला तिथं मला राहवेना. मी पुढं होऊन त्यांचा दंड धरला.

“बाबा, मागं दगड आहे, जरा वळून बघा.”

“वळायचं न्हाई,” ते म्हणाले. माझ्याकडं त्यांनी बघितलंसुद्धा नाही. ओल्या डोळ्यांनी ते समोर बघत होते. “हात सोडा बाय. मला तिचं त्वांड बगू द्या.”